डेटोना ५०० : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

टीव्हीवर पहिल्यांदा पाहणाऱ्याला या शर्यतीत गाड्या नुसत्या गोल फिरताना दिसतात. तिथूनच बहुतेक प्रश्न सुरू होतात, म्हणून आधी अगदी प्राथमिक प्रश्न घेतले आहेत.

ही शर्यत नेमकी काय आहे?

अमेरिकेतल्या फ्लोरिडा राज्यात, डेटोना बीच गावी दर फेब्रुवारीत होणारी ५०० मैलांची (सुमारे ८०५ किलोमीटर) मोटार शर्यत. एक फेरी अडीच मैलांची, म्हणून एकूण फेऱ्या २००. नॅस्कार ही संस्था तिच्या कप मालिकेत वर्षाला गुणांच्या ३६ शर्यती घेते, त्यातली ही सगळ्यात मानाची. १९८२ पासून हंगामाची सुरुवातही हिच्यानेच होते. बाकी खेळांत मोठा सामना शेवटी असतो, इथे तो आधीच उरकतात.

‘स्टॉक कार’ म्हणजे शोरूममधली गाडी का?

एकेकाळी होती. १९४८ साली बिल फ्रान्स यांच्या पुढाकाराने नॅस्कार स्थापन झाली आणि जून १९४९ मध्ये शार्लट इथे ‘स्ट्रिक्टली स्टॉक’ गाड्यांची पहिली शर्यत झाली. नियम एकच: गाडी कंपनीने विकली तशीच आणायची. ग्लेन डनवे पहिला आला. तपासणीत त्याच्या गाडीच्या मागच्या स्प्रिंगमध्ये फेरफार सापडले आणि विजय जिम रोपरला दिला गेला. ती गाडी चोरट्या दारूच्या वाहतुकीतली होती. डिकीत माल भरला तरी मागची बाजू बसू नये, म्हणून असे स्प्रिंग लावत. या खेळाचे बरेचसे सुरुवातीचे मेकॅनिक आणि ड्रायव्हर याच धंद्यात तयार झाले होते.

आजची गाडी आतून पूर्णपणे शर्यतीसाठीच बनते. बाहेरून ती शेवरले, फोर्ड किंवा टोयोटासारखी दिसते, पण आत पोलादी नळ्यांचा सांगाडा, वर कंपोझिटचे पत्रे आणि पुढे ३५८ घनइंची (सुमारे ५.८६ लिटर) व्ही-८ इंजिन असतं. २०२२ पासूनच्या ‘नेक्स्ट जेन’ गाडीत पाच गिअरचा सिक्वेन्शियल गिअरबॉक्स, मागच्या चाकांना स्वतंत्र सस्पेन्शन आणि प्रत्येक चाकाला मधोमध एकच मोठा नट आहे. दरवाजा उघडत नाही, ड्रायव्हर खिडकीतून आत शिरतो. हेडलाइट म्हणजे चिकटवलेलं चित्र.

सगळी वळणं डावीकडेच. मग अवघड काय आहे?

जत्रेतला ‘मौत का कुआँ’ आठवा. भिंत कललेली नसती तर मोटारसायकल वर चढलीच नसती. डेटोनाची वळणं ३१ अंशांनी कललेली आहेत. पट्टी ४० फूट रुंद, म्हणजे वरची कडा खालच्या कडेपेक्षा सुमारे २० फूट उंच. दोन मजली घराएवढा चढ, तोही आडवा. पायी चढायला गेलात तर हात टेकावे लागतात.

वळणाची त्रिज्या साधारण १००० फूट, म्हणजे ३०५ मीटर. त्यावरून हिशेब केला तर ताशी १५० किलोमीटरच्या आसपास टायरच्या पकडीची गरजच पडत नाही, उतारच गाडीला वळवतो. पण शर्यतीत वेग असतो ताशी १९० मैल, म्हणजे ३०५ किलोमीटर. त्या वेगाला गाडी वळत ठेवायला तिच्या वजनाच्या जवळजवळ अडीचपट जोर आतल्या बाजूला लागतो. त्यातला काही उतार देतो. बाकीचा चार टायरना द्यावा लागतो आणि त्यात सगळ्यात जास्त भरडला जातो पुढचा उजवा टायर. त्याच वेळी गाडी रस्त्यावर दुपटीहून अधिक वजनाने दाबली जाते, आणि ड्रायव्हरही सीटमध्ये तितकाच दबतो.

गाडीची ठेवणच डावीकडे झुकलेली असते. उजव्या बाजूच्या टायरचा रबर वेगळा आणि हवेचा दाब जास्त. त्यामुळे सरळ रस्त्यावरही गाडी डावीकडे ओढते आणि ड्रायव्हरला स्टिअरिंग उजवीकडे दाबून धरावं लागतं. हे साडेतीन तास, पन्नास अंशांच्या आसपास तापलेल्या केबिनमध्ये, चारी बाजूंना हातभर अंतरावर दुसऱ्या गाड्या असताना.

अंडाकृती म्हणतात, पण नकाशात तीन कोपरे दिसतात. ते कसं?

याला ट्राय-ओव्हल म्हणतात. मुख्य स्टँडसमोरचा रस्ता सरळ नसून मध्ये बाहेरच्या बाजूला बाक देऊन १८ अंश कलवलेला आहे. त्यामुळे प्रेक्षकाला दोन्ही बाजूंनी येणारी-जाणारी गाडी दिसते. पलीकडचा लांब सरळ पट्टा जवळपास सपाट आहे. १९५९ साली धावपट्टी खुली झाली. उतार बांधायला माती आतल्याच मैदानातून उपसली, त्या खड्ड्याचं तळं झालं. तेच लेक लॉइड.

सगळ्या गाड्या थव्याने का पळतात? एखादी पुढे निघून का जात नाही?

हा या शर्यतीतला सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न आहे, म्हणून उत्तर जरा लांब.

१९८७ साली बिल एलियटने डेटोनाला पात्रता फेरीत ताशी २१०.३६४ मैल आणि नंतर अलाबामातल्या टॅलाडेगाला २१२.८०९ मैल वेग गाठला. त्याच टॅलाडेगाच्या शर्यतीत बॉबी अ‍ॅलिसनची गाडी उडून प्रेक्षकांसमोरच्या जाळीवर आदळली. सुदैवाने ती आत गेली नाही. पुढच्या वर्षापासून या दोन धावपट्ट्यांवर इंजिनात जाणारी हवाच कमी करायचं ठरलं. आधी चार भोकांची धातूची पट्टी बसवत, २०१९ च्या डेटोना ५०० नंतर निमुळता स्पेसर आला. काम तेच: हवा कमी, म्हणून इंधन कमी, म्हणून ताकद कमी. इतर बऱ्याच धावपट्ट्यांवर ६७० अश्वशक्ती देणारं इंजिन इथे ५१० च्या आसपास रोखलं जातं.

मग होतं असं की ड्रायव्हर पूर्ण फेरी अ‍ॅक्सिलरेटर तळाशी दाबून ठेवू शकतो, ब्रेकची गरज नाही. सगळ्यांचं इंजिन सारखंच बांधलेलं आणि सगळ्यांचा पाय तळाशी, तर पुढे कोण जाणार? ज्याला हवेची मदत मिळेल तो.

हायवेवर एसटीच्या मागे मोटारसायकल लावली की वारा लागत नाही, हे तुम्ही अनुभवलं असेल. इथे त्याहून एक गोष्ट जास्त घडते. मागची गाडी अगदी चिकटून आली की पुढच्या गाडीच्या शेपटीमागची ओढही कमी होते. म्हणजे दोघांचाही वेग वाढतो. दोनपेक्षा चार गाड्या वेगवान, चारपेक्षा दहा. पुरावा हवा तर पात्रता फेरी पाहा: एकटी गाडी ताशी १८१-१८२ मैलांच्या आसपास जाते, तीच थव्यात १९० च्या पुढे. १९६० च्या शर्यतीत ज्युनिअर जॉन्सनच्या हे लक्षात आलं. गाडी कमी ताकदीची असूनही त्याने वेगवान गाड्यांच्या मागे चिकटून ती शर्यत जिंकली.

एकटा पडलेला म्हणूनच संपतो. बाहेरच्या रांगेतून मध्ये घुसायला गेलात आणि मागून कुणी आलं नाही, तर पाचव्या क्रमांकावरून पंचविसावर जायला एक फेरी पुरते.

ड्राफ्टिंग, साइड ड्राफ्ट, बंप ड्राफ्ट यांत फरक काय?

ड्राफ्टिंग म्हणजे वर सांगितलेलं, मागे लागून चालणं.

साइड ड्राफ्टमध्ये शेजारच्या गाडीच्या मागच्या चाकाजवळ आपलं नाक नेतात. आपल्या नाकाने सारलेली हवा त्याच्या मागच्या पंखावर आदळते आणि तो मागे खेचला जातो. आपण वेग वाढवत नाही, त्याचा कमी करतो. शेवटच्या पाच फेऱ्यांत सगळ्यात जास्त वापरली जाणारी चाल हीच.

बंप ड्राफ्ट म्हणजे बंपरला बंपर लावून ढकलणं. सरळ रस्त्यावर आणि बरोबर मधोमध लागला तर फायदा. वळणात, किंवा बंपरच्या कोपऱ्याला लागला तर पुढच्याची मागची चाकं हलकी होतात आणि तो आडवा फिरतो.

एक अडचण फारशी दिसत नाही. सतत कुणाच्या तरी मागे चिकटलं की रेडिएटरला ताजी हवा मिळत नाही आणि पाण्याचं तापमान चढतं. म्हणून ड्रायव्हर मधूनमधून अर्धी गाडी रांगेबाहेर काढून नाकाला वारा देतो. रेडिएटरसमोरच्या जाळीवर उडता कागद चिकटला तरी तेच होतं. तेव्हा मात्र उलट, पुढच्या गाडीच्या अगदी जवळ जातात, तिच्या मागे फिरणाऱ्या हवेत कागद सुटून पडतो.

‘द बिग वन’ का होतो?

‘द बिग वन’ म्हणजे एकाच वेळी कितीतरी गाड्या सापडतात तो मोठा अपघात. चाळीस गाड्या, दोन-तीन रांगा, ताशी ३०० किलोमीटर. सेकंदाला ८३ मीटर अंतर जातं आणि पुढच्या गाडीपासूनचं अंतर एक-दोन मीटर. पुढचा फिरला तर मागच्या दहांना ब्रेक दाबायलाही वेळ नसतो. धूर झाला की समोरचं दिसतच नाही.

बहुतेक वेळा कारण ‘ब्लॉक’ असतं. आघाडीवरचा आरशात पाहतो, मागून एक रांग जोरात येतेय, तिच्यासमोर आडवा येतो. वेळेत आला तर तीच रांग त्याला पुढे ढकलते. अर्धा सेकंद उशीर झाला तर तिचा पूर्ण वेग त्याच्या मागच्या कोपऱ्यात शिरतो. शेवटच्या फेरीत हे हमखास घडतं, म्हणून तेव्हा आघाडीवर असणं ही काही चांगली जागा नाही. २०२१ मध्ये मायकेल मॅकडॉवेल आणि २०२५ मध्ये विल्यम बायरन, दोघेही पुढचे आपटल्यावर त्यांच्यातून वाट काढत जिंकले.

ड्रायव्हरला बाजूचं काही दिसत नसताना तो जागा कशी बदलतो?

स्टँडच्या छपरावर प्रत्येक चमूचा एक स्पॉटर उभा असतो. तो रेडिओवर अखंड बोलतो: आत कोण आहे, बाहेर कोण आहे, तिघे शेजारी आहेत, जागा मोकळी झाली. ‘क्लिअर’ हा शब्द चुकीच्या क्षणी उच्चारला गेला तर वीस गाड्या भंगारात जातात. नवे प्रेक्षक या माणसाला समालोचक समजतात. प्रत्यक्षात डेटोनावर अर्धी गाडी तोच चालवतो.

पिट स्टॉपमध्ये नेमकं काय होतं?

पिट म्हणजे धावपट्टीलगतची थांबण्याची जागा, तिथे चाकं बदलतात आणि पेट्रोल भरतात. तिथली भिंत ओलांडून पाच जण येतात: जॅकवाला, चाकं बदलणारे दोघं, चाकं वाहणारा एक, पेट्रोल भरणारा एक. क्रम असा. गाडी चमूच्या आखलेल्या चौकोनात थांबायच्या आधीच चौघे तिच्यासमोरून पळत उजव्या बाजूला जातात. जॅक लागतो, उजवी दोन्ही चाकं एकेका नटावर सुटतात, वीस किलोहून जड नवी चाकं बसतात, जॅक खाली. मग तीच धावपळ डाव्या बाजूला. इतका वेळ पेट्रोलवाला डावीकडून मागच्या कोपऱ्यात कॅन टेकवून उभा असतो. चार चाकांचा चांगला थांबा नऊ ते अकरा सेकंदांचा.

काय बिघडतं? नट पूर्ण न आवळता जॅक खाली आला तर चाक निसटतं. ते धावपट्टीवर निसटलं तर चमूतल्या माणसांवर काही शर्यतींची बंदी येते. काढलेलं चाक घरंगळत सुटलं तर दंड. पाचाऐवजी सहा माणसं भिंतीपलीकडे गेली तर दंड. गाडी कॅन अडकवूनच निघाली तर दंड.

सगळ्यात जास्त दंड मात्र वेगाचा. डेटोनाच्या पिट रस्त्यावर मर्यादा ताशी ५५ मैल आहे आणि पाच मैलांपर्यंत सूट. गाडीत स्पीडोमीटर नाही! इंजिनाचे फेरे आणि डॅशवरचे दिवे पाहून वेग धरायचा. मोजणीही एका जागी होत नाही. रस्त्याचे तुकडे पाडलेले असतात आणि प्रत्येक तुकड्याचा सरासरी वेग काढतात. आपला चौकोन ज्या तुकड्यात येतो तिथे थांबल्यामुळे सरासरी आपोआप उतरते, म्हणून तिथे जरा जोरात घेता येतं. चमू चौकोन निवडताना हा हिशेब करतात.

पेट्रोल किती लागतं? मधूनच सगळे हळू का होतात?

टाकी २० गॅलनची, म्हणजे सुमारे ७६ लिटर. पूर्ण भरायला दोन कॅन रिकामे करावे लागतात. इंधन १५ टक्के इथेनॉल मिसळलेलं, शिसेविरहित. पूर्ण वेगात लिटरला दोन किलोमीटरच्या आसपास पडतं, म्हणजे एका टाकीत साधारण ४० फेऱ्या.

नव्या गाडीत चाकं लवकर बदलतात आणि पेट्रोल मात्र सावकाश उतरतं. त्यामुळे पिटमधला वेळ पेट्रोल ठरवतं. दोन सेकंद कमी भरलं तर बाहेर पडताना दहा जागा पुढे. म्हणून शर्यतीच्या मधल्या टप्प्यात आख्खा थवा अर्धाच अ‍ॅक्सिलरेटर दाबून पेट्रोल वाचवत असतो. प्रेक्षकाला हे खटकतं, आणि खरं सांगायचं तर पाहायला ते कंटाळवाणंच आहे. पण नियम बदलेपर्यंत कुठलाही शहाणा चमू दुसरं काही करणार नाही.

पिटला एकट्याने कधी जात नाहीत. बाहेर आल्यावर ड्राफ्टला साथीदार लागतो. म्हणून एकाच कंपनीच्या सात-आठ गाड्या ठरवून एकत्र आत शिरतात.

‘लूज’ आणि ‘टाइट’ म्हणजे?

वळणात मागची चाकं बाहेर निसटू लागली तर गाडी लूज. पुढची चाकं वळूनही गाडी सरळच भिंतीकडे निघाली तर टाइट. उपाय पिटमध्येच: टायरमधला दाब थोडा कमीजास्त करणं, नाहीतर मागच्या काचेतल्या भोकातून लांब पाना घालून एका कोपऱ्यावरचं वजन बदलणं. ऊन उतरलं, रस्ता थंड झाला की दुपारी नीट चालणारी गाडी संध्याकाळी वेगळीच वागते.

पिवळा झेंडा लागल्यावर काय होतं?

अपघात वगैरे झाला की धोक्याचा हा झेंडा लागतो. लागला त्या क्षणी जो जिथे आहे तो त्याचा क्रमांक. २००३ पर्यंत झेंड्यानंतरही रेषेपर्यंत शर्यत चाले, ते धोक्याचं म्हणून थांबवलं. सगळे पेस कारच्या, म्हणजे वेग आवरून धरणाऱ्या गाडीच्या, मागे रांगेत येतात, पिट उघडतं. एक फेरी मागे पडलेल्यांतला पहिला ड्रायव्हर ती फेरी परत मिळवतो.

शिवाय धावपट्टीच्या आतल्या कडेला दोन पिवळ्या रेघा आहेत. त्यांच्या खाली उतरून कुणाला मागे टाकलं तर दंड.

२०० फेऱ्या झाल्या तरी शर्यत कशी चालू राहते?

शेवटी पिवळा झेंडा असताना २०० फेऱ्या भरल्या तर ओव्हरटाइम: पुन्हा हिरवा झेंडा, मग शेवटच्या फेरीचा पांढरा, मग शर्यत संपल्याचा चौकटींचा. पांढरा पडण्याआधी परत अपघात झाला तर पुन्हा तेच. २०२३ ची शर्यत अशी २१२ फेऱ्यांपर्यंत, म्हणजे ५३० मैल गेली आणि रिकी स्टेनहाउस ज्युनिअर जिंकला. पांढरा झेंडा पडल्यावर मात्र पिवळा लागला तर तिथेच निकाल. २०२४ मध्ये बायरनचा पहिला विजय तसा आला.

पाऊस आला तर?

थांबतात. गुळगुळीत टायर आणि ३१ अंशांचा ओला उतार यांचं जमत नाही. गरम हवेचे झोत मारणारे ट्रक धावपट्टी वाळवतात, त्याला तास-दोन तास जातात. धावपट्टीवर दिवे आहेत, त्यामुळे रात्रीही शर्यत होते. नाहीच जमलं तर सोमवार, २०२४ ला तसंच झालं. अर्ध्याहून जास्त फेऱ्या झाल्यावर पाऊस आला तर निकाल अधिकृत धरता येतो. २००९ मध्ये मॅट केन्सेथ १५२ फेऱ्यांवरच विजेता ठरला.

कोण कुठून सुरुवात करणार, हे कसं ठरतं?

जागा ४०. त्यांतल्या ३६ ‘चार्टर’ (कायम प्रवेशाचा हक्क) असलेल्या गाड्यांना पक्क्या, चार खुल्या. आठवड्यात आधी एकेकट्याची वेळ लावतात, त्यातून फक्त पहिली रांग, म्हणजे दोन जागा ठरतात. बाकीच्या जागा गुरुवारी होणाऱ्या १५० मैलांच्या दोन ‘ड्युएल’ शर्यतींतून. खुल्या चार जागांपैकी दोन एकेकट्याने लावलेल्या वेळेनुसार, दोन ड्युएलमधून मिळतात. ज्याची जागा पक्की नाही त्याच्यासाठी गुरुवारची रात्र रविवारपेक्षा जास्त जीवघेणी.

मध्ये दोनदा शर्यत थांबवतात ती कशासाठी?

टप्प्यांसाठी. २०१७ पासून टप्पे आहेत. आता ६५ व्या आणि १३० व्या फेरीला टप्पा संपतो आणि पहिल्या दहांना १० ते १ असे गुण मिळतात. मधल्या फेऱ्यांत कुणी झोपू नये, हा हेतू.

इतके अपघात होऊनही ड्रायव्हर चालत बाहेर कसे येतात?

१८ फेब्रुवारी २००१ रोजी शेवटच्या फेरीत, चौथ्या वळणात डेल अर्नहार्ट गेला. कप मालिकेचं सात वेळा विजेतेपद मिळवलेला, त्या काळचा सगळ्यात मोठा ड्रायव्हर. धडक टीव्हीवर फार मोठी वाटली नव्हती. गाडी भिंतीवर थांबते, पट्टे धड धरून ठेवतात, डोकं मात्र पुढे झेपावतं आणि कवटीच्या तळाशी इजा होते. त्याच वर्षी डोकं आणि मान बांधून ठेवणारं हान्ससारखं साधन सक्तीचं झालं. मग आल्या सेफर भिंती: बाहेर पोलादी चौकोनी नळ्या, मागे फोमचे ठोकळे, त्यामागे काँक्रीट. धडकेचा जोर नळ्या आणि फोम वाटून घेतात.

त्या सगळीकडे नव्हत्या, हा धडा २०१५ मध्ये मिळाला. डेटोनालाच, आदल्या दिवशीच्या शर्यतीत काइल बुश आतल्या उघड्या काँक्रीटवर आदळला आणि त्याचा पाय मोडला. त्यानंतर उरलेल्या भिंती झाकल्या गेल्या. छतावर झडपाही असतात. गाडी पाठमोरी फिरली की त्या आपोआप उभ्या राहतात आणि हवा गाडीला उचलू शकत नाही, निदान सहजासहजी नाही.

कुणी भारतीय या खेळात उतरला आहे का?

कोइम्बतूरचा नारायण कार्तिकेयन २०१० मध्ये नॅस्कारच्या ट्रक मालिकेत धावला. मार्टिन्सव्हिलच्या पहिल्याच शर्यतीत तो तेरावा आला. ती अर्ध्या मैलाची, जवळपास सपाट धावपट्टी. तिथे ड्राफ्टिंग चालत नाही, ब्रेक लालबुंद होतात.

महाराष्ट्रातून पाहायची तर किती वाजता?

फ्लोरिडा फेब्रुवारीत आपल्यापेक्षा साडेदहा तास मागे. तिथले दुपारी अडीच म्हणजे आपल्याकडे रविवारी मध्यरात्रीनंतरचा एक. संपायला पहाटेचे साडेचार-पाच. ओव्हरटाइम झाला तर दूधवाला येईपर्यंत.

अमेरिकेतले नातेवाईक तिकीट काढताहेत. कुठे बसावं?

वर. जितकं उंच तितकं चांगलं. खालच्या रांगांत गाडी सेकंदभर दिसते आणि अंगावर रबराचा चुरा येतो. वरून पलीकडचा सरळ पट्टाही दिसतो आणि डाव कसा रचला जातो ते कळतं. कानात बोळे हवेतच, मुलांना वरून हेडफोनही. रेडिओ स्कॅनर भाड्याने मिळतो, तो घ्या. चमूंचं बोलणं सगळ्यांना ऐकायला खुलं असतं. ओरलँडोहून गाडीने एरवी तासाभराचा रस्ता आहे, शर्यतीच्या दिवशी तो हिशेब विसरा. दुपारी ऊन, रात्री समुद्रावरचं गार वारं, म्हणून जाकीट ठेवा.

सगळ्यात जास्त वेळा कोण जिंकलं?

रिचर्ड पेटी, सात वेळा, १९६४ ते १९८१ दरम्यान. १९५९ ची पहिली शर्यत त्याचे वडील ली पेटी यांनी जिंकली, पण ते कळायला तीन दिवस लागले. रेषेवर त्या दिवशी आधी जॉनी बोशॅम्पला विजयी म्हटलं होतं, मग छायाचित्रं आणि चित्रफिती तपासून निकाल फिरवला.

जिंकलेल्या गाडीचं पुढे काय होतं?

चमूला ती लगेच परत मिळत नाही. शर्यत संपली तशीच, चेपलेल्या पत्र्यांसकट, रबराच्या डागांसकट, विजयानंतर उडवलेल्या रंगीत कागदाच्या कपट्यांसकट धावपट्टीजवळच्या संग्रहालयात वर्षभर ठेवतात. पुढच्या फेब्रुवारीत नवी गाडी आली की जुनी धुवायला मोकळी.